सेवेरसच्या कमानीवरची चौथी ओळ

प्रश्न असा आहे: रोममधल्या कमानी, स्तंभ, देवळं पाहताना त्यांच्यामागचं सत्तेचं राजकारण नेमकं कुठे दिसतं, आणि दर्शनी भागावर कोरलेल्या लेखावर कितपत भरवसा ठेवायचा?

लेखावर भरवसा ठेवायला हरकत नाही. गडबड होते ती वेगळ्याच कारणाने. पाहणारा ‘बांधलं कोणी’ हे शोधत असतो आणि लेख ‘नाव कोणाचं लागेल’ हे सांगत असतो. रोमन लोकांसाठी या दोन निराळ्या गोष्टी होत्या. सम्राटांच्या काळातला कायदा तर याबाबत अगदी स्पष्ट होता. सार्वजनिक बांधकामावर सम्राटाचं किंवा ज्याने पैसा घातला त्याचंच नाव कोरायचं, तिसऱ्या कोणाचं नाही, असं माकेर नावाच्या कायदेपंडिताने तिसऱ्या शतकात नोंदवून ठेवलं आहे. सरकारी पैशाने नवं काही उभारायचं असेल तर आधी सम्राटाची परवानगी लागे. म्हणजे वास्तूवर नाव असणं हाच मुळात एक अधिकार होता. तो मिळायचा, मेलेल्याला बहाल व्हायचा, आणि वारं फिरलं की छिन्नीने काढूनही घेतला जायचा. राजकारण पाहायचं ते या देवघेवीत.

सुरुवात विभक्तीपासून करावी. शाळेत संस्कृत घेतलेल्यांना हे सोपं जाईल, कारण लॅटिनमध्येही करणारा प्रथमेत येतो आणि ज्याला द्यायचं तो चतुर्थीत. नाव प्रथमेत असेल तर त्या माणसाने ते बांधलं किंवा दुरुस्त केलं. चतुर्थीत असेल तर ते त्याला अर्पण केलेलं आहे. फोरममधल्या, म्हणजे प्राचीन रोमच्या मुख्य चौकातल्या, मोठ्या कमानींवर सम्राटाचं नाव चतुर्थीत आहे आणि प्रथमेत आहे ‘सेनातुस पोपुलुस्क्वे रोमानुस’, म्हणजे सिनेट आणि रोमची जनता. सम्राट टायटसने स्वतःसाठी कमान बांधली, असं सर्रास म्हटलं जातं. व्याकरणाच्या हिशेबाने ते चूक आहे. सम्राटाने स्वतःची कमान उभारली असं दिसणं त्याच्या सोयीचं नव्हतं, आणि आपण कोणाला तरी काही देऊ शकतो हे दाखवण्याची सिनेटला गरज होती. असा हा दोघांच्याही फायद्याचा सौदा होता.

इथे नवखे हमखास अडखळतात. लेखाची सुरुवात ‘इम्प’ (सम्राट) आणि ‘काएस’ (सीझर) अशा तोडलेल्या शब्दांनी होते आणि विभक्तीचा प्रत्यय नेमका त्या तोडीत गेलेला असतो. मग पहिला न तोडलेला शब्द गाठायचा. सम्राट सेवेरसच्या कमानीवर तो ‘लुकिओ’ आहे, शेवटी ‘ओ’, म्हणजे चतुर्थी. पँथिऑन या घुमटाच्या देवळावर ‘आग्रिप्पा’ आहे, म्हणजे प्रथमा, आणि ओळीच्या शेवटी ‘फेकित’, म्हणजे ‘केलं’, हे क्रियापदही हजर आहे.

त्यानंतर तारीख काढायची. रोमन लेखात वर्ष लिहिलेलं नसतं, पदव्यांच्या पुढे आकडे असतात. त्यातला सगळ्यात कामाचा आकडा ‘ट्रिब पोट’पुढचा, म्हणजे ट्रिब्यूनच्या (मुळात जनतेच्या प्रतिनिधीच्या) अधिकाराचं कितवं वर्ष ते. दुसऱ्या शतकापासून हा आकडा दर १० डिसेंबरला एकाने वाढायचा. सेवेरस १९३ साली सम्राट झाला. पहिलं वर्ष डिसेंबरात संपून दुसरं लगेच सुरू झालं, त्यामुळे त्याच्या बाबतीत आकड्यात १९२ मिळवले की वर्ष मिळतं. कमानीवर आकडा ११ आहे, म्हणजे इसवी सन २०३. त्याच दगडावर खाली थोरल्या मुलाचा, कॅराकॅलाचा, आकडा ६ आहे. त्याची मोजणी १९८ पासूनची, म्हणून त्यात १९७ मिळवायचे. पुन्हा २०३. एकाच लेखात असा ताळा जमला की निर्धास्त व्हावं.

‘कॉस’, म्हणजे कॉन्सल या सर्वोच्च पदाच्या आकड्यावर मात्र एकट्यावर विसंबू नये. सेवेरस तिसऱ्यांदा कॉन्सल झाला तो २०२ साली, आणि पुढे २११ साली मरेपर्यंत लेखांवर ‘कॉस’ तीनच राहिला. त्यातून नऊ वर्षांचा पट्टा मिळतो, वर्ष नाही. ‘दिवुस’ हा शब्द दिसला तर माणूस मेलेला आहे आणि त्याला देव ठरवलंय, असं समजायचं. टायटसच्या कमानीवरचा टायटस ‘दिवुस’ आहे. म्हणजे तो लेख ८१ सालानंतरचा, त्याच्या भावाच्या, डोमिशियनच्या राजवटीतला. भाऊ देव झाला तर राज्यावर बसलेला आपोआप देवाचा भाऊ होतो.

आता शीर्षकातल्या ओळीकडे येऊ. सेप्टिमियस सेवेरसची कमान फोरमच्या वायव्य टोकाला, कॅपिटोल टेकडीच्या पायथ्याशी आहे. उंची सुमारे २१ मीटर, रुंदी सुमारे २३ मीटर, तीन दरवाजे. पार्थियन लोकांवरच्या विजयासाठी सिनेटने ती दिली. वरच्या सपाट पट्टीवर दोन्ही बाजूंना तोच लेख आहे. मुळात ही अक्षरं ब्राँझची होती. अक्षराच्या आकाराची खाच दगडात खोदायची, खाचेत छिद्रं पाडायची, अक्षराच्या मागच्या खुंट्या त्यात बसवून शिशाने घट्ट करायच्या, अशी रीत. ब्राँझ पुढे चोरीला गेलं, वितळवलं गेलं; खाचा आणि छिद्रं राहिली.

चौथी ओळ नीट पाहिली तर तिथला दगड बाकीच्या पृष्ठभागापेक्षा किंचित खोल आहे. तिरप्या उन्हात, सकाळी किंवा संध्याकाळी, हे जास्त ठळक दिसतं. आज तिथे ‘ऑप्तिमिस फोर्तिस्सिमिस्क्वे प्रिंकिपिबुस’ असं आहे: ‘सर्वोत्तम आणि परमशूर अशा राजप्रमुखांना’. पण या अक्षरांच्या खाचांमध्ये काही छिद्रं अशा जागी आहेत, जिथे या अक्षरांना खुंटी लागायचं कारणच नाही. ती आधीच्या मजकुराची. त्यांच्या अंतरांवरून जुनी ओळ जुळवता येते: ‘आणि पुब्लियस सेप्टिमियस गेटा, अत्यंत थोर सीझर, याला’. गेटा हा सेवेरसचा धाकटा मुलगा. बाप २११ च्या फेब्रुवारीत मेला, दोघे भाऊ एकत्र गादीवर आले, आणि त्या वर्षाच्या अखेरीस कॅराकॅलाने गेटाचा आईच्या डोळ्यांदेखत खून करवला. त्यानंतर साम्राज्यभर गेटाचं नाव खोडायचं काम निघालं.

ज्याने हा बदल बसवला त्याची कारागिरी दाद देण्यासारखी आहे. नाव गेलं की ओळीत भलं मोठं भगदाड पडणार होतं. तिथे बसेल इतक्या लांबीचा मजकूर हवा. तो चतुर्थीतच हवा, कारण आधीची नावं चतुर्थीत आहेत. आणि अनेकवचनी हवा, कारण पुढे ‘त्यांच्या गुणांमुळे’ असं अनेकवचन आलेलं आहे. बाप आणि थोरला मुलगा मिळून दोन माणसं उरतातच, त्यामुळे ‘राजप्रमुखांना’ हे व्याकरणात चपखल बसतं. लेख सलग वाचणाऱ्याला काही खटकत नाही. खटकतं ते फक्त दगडाच्या पातळीला आणि फाजील छिद्रांना. कमान पाडायचा प्रश्न मात्र कॅराकॅलासमोर नव्हताच. तिच्यावर त्याच्या बापाचं आणि त्याचं स्वतःचं नाव होतं, आणि त्याची गादी त्या बापाच्या नावावरच उभी होती.

याचंच दुसरं रूप तिथून दहाएक मिनिटांच्या अंतरावर आहे, सान जोर्जो इन वेलाब्रो या चर्चला चिकटून असलेल्या छोट्या दरवाजावर. तो २०४ साली सराफांनी आणि गुरांच्या व्यापाऱ्यांनी आपल्या पैशाने उभारला. आतल्या बाजूला एका फलकावर सेवेरस आणि राणी जुलिया डोम्ना विधी करताना आहेत आणि त्यांच्या शेजारी गुळगुळीत रिकामी जागा आहे. तिथे गेटा होता. समोरच्या फलकावर कॅराकॅला एकटाच उभा आहे. त्याच्या बाजूला त्याची बायको प्लाउतिल्ला आणि सासरा प्लाउतियानस होते. सासऱ्याला २०५ साली मारलं, बायकोला हद्दपार करून पुढे ठार केलं. म्हणजे दरवाजा उभा राहिल्यावर वर्षभरातच व्यापाऱ्यांना छिन्नी हातात घ्यावी लागली. खुशामत कोरताना हा धोका असतोच: दगड टिकतो, मर्जी टिकत नाही.

या प्रकाराला आज ‘दाम्नातियो मेमोरिए’, म्हणजे स्मृतीला दिलेली शिक्षा, म्हणतात. हा शब्दप्रयोग नंतरच्या विद्वानांचा आहे, रोमन कायद्यात या नावाची एकच एक शिक्षा नव्हती. प्रत्येक वेळी वेगळा ठराव व्हायचा आणि त्यात काय काढायचं ते नेमकं लिहिलेलं असायचं. जर्मानिकस या राजपुत्राच्या मृत्यूचा ठपका ज्याच्यावर आला त्या पिसोविरुद्धचा, इसवी सन २० मधला, सिनेटचा ठराव स्पेनमध्ये ब्राँझच्या पत्र्यांवर सापडला आहे. त्यात पिसोचे पुतळे काढावेत, आणि मार्सच्या मैदानातल्या जर्मानिकसच्या पुतळ्याखालच्या लेखातून त्याचं नाव काढावं, असं ठिकाणासकट सांगितलं आहे. शिवाय खोडलेली जागा पुष्कळदा मुद्दाम दिसू दिलेली असते. नाव विसरलं जावं असा हेतू असता तर दगडच बदलला असता. इथे नाव काढलंय हे लोकांना दिसावं, हीसुद्धा शिक्षेचीच बाब होती.

नाव काढून घेण्याच्या उलट प्रकार पँथिऑनचा. तिथल्या दर्शनी लेखाचा अर्थ ‘लुकियसचा मुलगा मार्कस आग्रिप्पा, तिसऱ्यांदा कॉन्सल असताना, याने केलं’ असा आहे. हे वर्ष इसवी सनापूर्वी २७ चं. लेखावर विसंबून ही इमारत आग्रिप्पाची मानली जात होती. १८९२ साली फ्रेंच वास्तुविशारद जॉर्ज शेदान याने भिंतीतल्या विटांवरचे शिक्के तपासले आणि हिशेब दीडशे वर्षांनी पुढे सरकला. आग्रिप्पाची वास्तू इसवी सन ८० च्या आगीत जळाली, पुन्हा उभारलेली ११० साली जळाली, आणि आज दिसते ती ट्रेजनच्या अखेरच्या काळात सुरू होऊन हेड्रियनच्या काळात पुरी झालेली. घुमटाचा आतला व्यास सुमारे ४३ मीटर.

विटांच्या शिक्क्यांबद्दल थोडं सांगायला हवं, कारण लेखाला पडताळा द्यायला याहून चांगलं साधन नाही. वीट कच्ची असताना तिच्यावर गोल किंवा चंद्रकोरीच्या आकाराचा शिक्का उमटवत. त्यात भट्टीच्या मालकाचं नाव असे, आणि काही शिक्क्यांत त्या वर्षाच्या कॉन्सलांची नावंही. १२३ सालच्या कॉन्सलांचे, पाएतिनस आणि अप्रोनियानस यांचे, शिक्के तर रोममध्ये पोत्याने सापडतात. पण एका विटेवरून तारीख ठरवू नये. शिक्का सांगतो की भिंत या वर्षाच्या आधीची नाही. किती नंतरची ते सांगत नाही. विटा साठवून ठेवत, जुन्या भिंती पाडून परत वापरत. एकाच भिंतीत जागच्या जागी असलेल्या बऱ्याच शिक्क्यांचा मेळ बसला तरच निष्कर्ष काढावा.

मग हेड्रियनने स्वतःचं नाव का घातलं नाही? त्याच्या प्राचीन चरित्रात म्हटलंय की असंख्य बांधकामं करूनही त्याने दत्तक पिता ट्रेजनच्या देवळाशिवाय कुठेही आपलं नाव कोरलं नाही. याला नम्रता म्हणायला मन तयार होत नाही. राज्यावर येताच चार माजी कॉन्सलांची हत्या झाल्याने सिनेट त्याच्यावर नाराज होती. पहिला सम्राट ऑगस्टस याचा उजवा हात असलेल्या आग्रिप्पाचं नाव पुन्हा झळकवणं म्हणजे आपण ऑगस्टसच्या परंपरेतले आहोत हे न बोलता सांगणं. ऑगस्टसनेही हेच केलं होतं. पाँपीचं थिएटर प्रचंड खर्चाने दुरुस्त केलं आणि त्यावर आपलं नाव घातलं नाही, हे तो स्वतःच्या कारकिर्दीच्या वृत्तान्तात आवर्जून सांगतो. नाव घातलं नाही म्हणून जाहीर करायचं, हाही नाव घालण्याचाच प्रकार.

पँथिऑनच्या त्या लेखाखाली दोन ओळी बारीक अक्षरांत आहेत, त्या बहुतेकांच्या नजरेतून सुटतात. सेवेरस आणि कॅराकॅला यांनी २०२ साली ‘जुनी होऊन मोडकळीला आलेली’ वास्तू दुरुस्त केली, असं त्यात आहे. आग्रिप्पाला धक्का न लावता स्वतःलाही जागा करून घेतली. ट्रेजनचा नमुना याच्या अगदी उलट. जिथे तिथे त्याचं नाव दिसतं म्हणून कॉन्स्टंटाइन त्याला ‘भिंतीवर उगवणारं रोपटं’ म्हणायचा, असं एका प्राचीन संक्षिप्त इतिहासात आहे. हे कॉन्स्टंटाइनने म्हणावं याची गंमत पुढे कळेल.

पैसा आणि जमीन या दोन गोष्टी लेखात कधी असतात, कधी नसतात. ‘एक्स मानुबिइस’ म्हणजे युद्धातल्या लुटीच्या वाट्यातून. ऑगस्टसचा फोरम, इसवी सनापूर्वी २ साली लोकार्पण झालेला, त्याने खाजगी जमिनीवर लुटीच्या पैशातून बांधला. शेजाऱ्यांची घरं जबरदस्तीने घ्यायची नव्हती म्हणून फोरम अरुंद झाला, असं सम्राटांचा चरित्रकार सुएटोनियस लिहितो, आणि पूर्वेकडचा तिरका कापला गेलेला कोपरा आजही दिसतो. सर्वसत्ताधीश माणूस मालमत्तेचा मान राखतो, हे त्या कोपऱ्याने कायमचं सांगून ठेवलं.

कोलोसियममध्ये जमीनच मुख्य विधान आहे. ६४ सालच्या आगीनंतर नीरोने शहराच्या मध्यभागी प्रासाद उठवला आणि त्यात कृत्रिम तळं केलं. ६८ साली तो गेला. नवं घराणं आलं. वेस्पासियानने ते तळं भरून तिथेच लोकांच्या करमणुकीची जागा बांधायला घेतली. राजाची जमीन जनतेला परत. उद्घाटन ८० साली टायटसने केलं. इथेही छिद्रांचीच कहाणी आहे. पाचव्या शतकात दुरुस्तीचा एक लेख ज्या दगडावर कोरला गेला, त्यावर आधीच्या ब्राँझच्या अक्षरांची छिद्रं होती. १९९५ साली गेझा अल्फोल्डी यांनी त्यांवरून वाचन मांडलं: सम्राट वेस्पासियानने हे नवं अँफिथिएटर लुटीच्या पैशातून उभारायचा हुकूम केला. त्यात ‘टायटस’साठीचं एक ‘टी’ नंतर घुसडलेलं दिसतं. बापाचं आणि मुलाचं नाव जवळजवळ सारखंच असल्याने एका अक्षरात श्रेय बापाकडून मुलाकडे गेलं. लूट जेरुसलेमची, असं मानायला ७० साली झालेला त्या शहराचा पाडाव आणि काळ दोन्ही जुळतात, पण दगडावर तो शब्द नाही, हे ध्यानात ठेवावं.

कॉन्स्टंटाइनची कमान ही सगळ्यात जास्त फसवणारी. ३१२ च्या ऑक्टोबरात प्रतिस्पर्धी मॅक्सेंशियसचा पराभव, ३१५ साली कमान. तिच्यावरची बरीचशी शिल्पं जुन्या वास्तूंतून आणलेली: उभे डेशियन कैदी आणि मोठ्या लढाईचे फलक ट्रेजनच्या काळचे, गोल फलक हेड्रियनच्या काळचे, वरचे चौकोनी फलक मार्कस ऑरेलियसच्या काळचे. जुन्या सम्राटांचे चेहरे पुन्हा घडवून कॉन्स्टंटाइनचे केले. घाईत केलेली काटकसर, की चांगल्या सम्राटांच्या रांगेत बसण्याची युक्ती, यावर वाद चालू आहे. दोन्ही एकाच वेळी खरं असायला काही अडचण दिसत नाही. तुलना करताना एक चूक टाळावी. मार्कस ऑरेलियसच्या फलकांवरची सम्राटाची डोकी अठराव्या शतकातल्या दुरुस्तीची आहेत, त्यामुळे त्या चेहऱ्यांवरून चौथ्या शतकाबद्दल काहीच ठरवता येत नाही. तसाच धडा टायटसच्या कमानीचा. तिचे दोन्ही कडेचे भाग १८२०च्या दशकात वालादिये याने संगमरवराऐवजी ट्रॅव्हर्टिन दगडात नव्याने घातले, जुनं-नवं वेगळं कळावं म्हणून. मधला भागच प्राचीन आहे.

मॅक्सेंशियसचं नाव कॉन्स्टंटाइनच्या कमानीवर नाही. तिथे फक्त ‘जुलमी’ असा उल्लेख आहे. फोरमशेजारी त्याने बांधायला घेतलेली प्रचंड बॅसिलिका (सार्वजनिक सभागृह) आणि त्याची इतर कामं सिनेटने विजेत्याच्या नावे करून टाकली. भिंतीवरचं रोपटं ते हेच.

आणि हा खेळ रोमनांपाशी थांबला नाही. ट्रेजनच्या स्तंभावर १५८७ साली पोप सिक्स्टस पाचवा याने ट्रेजनच्या जागी संत पीटरचा पुतळा बसवला. मुसोलिनीने १९३२ साली कोलोसियमपासून पियाझ्झा वेनेझियापर्यंत सरळ रस्ता काढला, तो सम्राटांच्या फोरमच्या उरावरून. ऑगस्टसच्या जन्माला दोन हजार वर्षं झाल्याच्या निमित्ताने १९३८ साली शांतीची वेदी, आरा पाकिस, जोडून उभी केली. पण मूळ जागी नाही, तर काही शे मीटर दूर, ऑगस्टसच्या समाधीशेजारी, आणि दिशाही काटकोनात फिरवून. त्यामुळे आज त्या वेदीच्या दारातून काय दिसतं यावरून ऑगस्टसच्या मनातलं काही ताडायला जाऊ नये. तिथे दिसते ती १९३८ ची मांडणी.

फोरममध्ये उभारलेलं शेवटचं स्मारक म्हणजे फोकासचा स्तंभ. स्तंभ जुनाच, वापरलेला. ६०८ साली इटलीतला बायझंटाइन सुभेदार स्माराग्दस याने त्यावर सम्राट फोकासचा सोनेरी पुतळा चढवला. दोन वर्षांनी फोकासला ठार करून हेराक्लियस आला. पुतळा गेला, पायथ्याच्या लेखातून फोकासचं नाव खरवडून काढलं गेलं. ज्याने ते चढवलं त्या स्माराग्दसचं नाव मात्र, प्रथमा विभक्तीत, अजून तसंच आहे.